भंडाऱ्याचा र

१९८६ च्या उन्हाळ्यात मी भंडाऱ्यातल्या एका लहान छापखान्यात खिळे जुळवायला लागलो. दहावीनंतर शिक्षण सुटले होते आणि घरात चार पैशांची गरज होती. छापखाना म्हणजे एक ट्रेडल मशीन, कागद कापायचे एक यंत्र आणि भिंतीला टेकवून ठेवलेल्या लाकडी केसी. दिवस लग्नसराईचे होते. सकाळपासून रात्रीपर्यंत पत्रिकाच जुळवायच्या. आठवडाभरात एक गोष्ट माझ्या ध्यानात आली. केसमधल्या शेकडो खणांपैकी एक खण सगळ्यांच्या आधी रिकामा होत असे. तो ना ‘क’चा होता, ना ‘काना’चा. त्या खणात एक बारीकशी वळणदार रेघ असलेला खिळा असे. ‘वऱ्हाडी’, ‘दुसऱ्या’, ‘सासऱ्या’, ‘भंडाऱ्याचे’ अशा शब्दांत ‘य’ किंवा ‘ह’च्या आधी बसतो तो अर्धा र.

एकदा तो खण असाच रिकामा झाला. मालक म्हणाले, “रफार घाल. कोण पाहते?” मी ‘वऱ्हाडी मंडळी’च्या जागी ‘वर्हाडी मंडळी’ जुळवले. संध्याकाळी वधूचे आजोबा प्रूफ पाहायला आले. जाडजूड चष्म्याचा, धोतर नेसलेला शेतकरी माणूस. त्यांनी बोट ठेवले ते नेमके त्याच शब्दावर. “हे काहून असं छापलास बाबू? आमच्या घरी वऱ्हाड येते. हे वर्-हाड कोन्या गावचं?” मालक हसले, पण मला लाज वाटली. दुसऱ्या एका जुळून ठेवलेल्या पत्रिकेतून मी तो खिळा उपसला आणि तिकडचे काम अडवून इकडचे भागवले.

त्या आजोबांना व्याकरण येत नव्हते. त्यांनी कानाने वाचले होते. हा प्रसंग मी विसरलो नाही. पुढे छापखाना बंद पडला, मी दुसऱ्या कामाला लागलो, पण त्या एका खिळ्याचा माग काढण्याचा नाद लागला तो आजतागायत. ग्रंथालयात मिळेल ते पुस्तक वाचत, जाणकारांना विचारत आणि पुढे संगणक शिकत जे हाती आले, ते येथे मांडतो.

एका र ची चार रूपे

मराठी शाळेत आपण शिकतो की र जोडाक्षरात चार प्रकारे येतो. ‘सूर्य’मध्ये तो पुढच्या अक्षराच्या डोक्यावर रफार होऊन बसतो. ‘चक्र’मध्ये तिरकी रेघ होऊन पोटाला चिकटतो. ‘राष्ट्र’मध्ये पायाखाली काकपदासारखा उभा राहतो. आणि ‘दुसऱ्या’, ‘तऱ्हा’ यांत तो शिरोरेघेखाली एक वळण घेऊन य किंवा ह ला बिलगतो. हे चौथे रूप डोळ्याच्या पापणीसारखे दिसते, म्हणून संगणकाच्या जगात त्याला ‘आयलॅश रा’ म्हणजे पापणीचा र म्हणतात. मीही या लेखात त्याला पापणीचा र म्हणेन.

ही रूपे एकत्र पाहायची असतील तर एका गाजलेल्या आत्मचरित्राचे मुखपृष्ठ पुरेसे आहे. पुस्तकाचे नाव ‘कऱ्हेचे पाणी’, लेखक आचार्य प्र. के. अत्रे. ‘कऱ्हे’त पापणीचा र, ‘आचार्य’मध्ये रफार, ‘प्र’मध्ये तिरकी रेघ आणि ‘अत्रे’मध्ये तीच रेघ त ला चिकटून झालेले ‘त्र’. सासवडच्या नदीचे नाव आणि लेखकाची पदवी एकाच पानावर आहेत, दोन्हींत र अर्धाच आहे, पण दोन्हींचा उच्चार निराळा आहे.

पहिली तीन रूपे हिंदीतही आहेत. चौथे हिंदीला लागत नाही. नेपाळकडे गेलो तर ते पुन्हा भेटते. नेपाळीत ‘गऱ्यो’, ‘पऱ्यो’ अशी क्रियापदे याच रूपाने लिहितात, आणि नेवारीतही त्याचा वापर आहे. मधला एवढा मोठा हिंदी मुलूख ओलांडून हे अक्षर दोन टोकांना जिवंत आहे.

कानाला कळणारा फरक

फरक काय, हे पाहण्यासाठी जोड्या घेऊ. ‘दर्या’ म्हणजे समुद्र, ‘दऱ्या’ म्हणजे डोंगरांमधल्या खोल जागा. ‘आचार्यांना पैसे दिले’ म्हटले तर गुरूंना दक्षिणा मिळाली, ‘आचाऱ्यांना पैसे दिले’ म्हटले तर लग्नातल्या स्वयंपाक्यांचा हिशेब झाला. ‘दर्या’ म्हणताना जीभ ‘दर्’वर क्षणभर अडते आणि मग ‘या’वर जाते. ‘दऱ्या’ म्हणताना ती अडत नाही, र आणि य एका दमात निसटतात. आपले छंदशास्त्रही हा फरक मानते. जोडाक्षराच्या आधीचे लघू अक्षर एरवी गुरू होते, पण ‘दुसऱ्या’मधला ‘स’ लघूच राहतो, कारण त्याच्यावर आघात येत नाही.

असा फरक मराठीत इतर अक्षरांतही आहे, पण लिपी तो दाखवत नाही. ‘मी पुण्याला चाललो’ यातले पुणे आणि ‘त्याच्या पुण्याला सीमा नाही’ यातले पुण्य, दोन्हींचा उच्चार वेगळा. दुसऱ्यात ‘पुण्’वर जोर आहे, पहिल्यात नाही. लिहिताना मात्र दोन्ही सारखे. वाचणाऱ्याने संदर्भाने ओळखायचे. एकट्या र च्या बाबतीत मराठी लिपीने ही जबाबदारी वाचकावर टाकली नाही. त्यासाठी तिने स्वतंत्र अक्षररूप ठेवले.

रफारात हा जोर कुठून आला? त्याचे उत्तर जुन्या लेखांत दिसते. आमच्या जिल्ह्यातले पवनी हे प्राचीन नगर. तेथील जगन्नाथ टेकडीवर १९६९-७० मध्ये उत्खनन झाले आणि बौद्ध स्तूपाचे अवशेष मिळाले. त्या काळच्या ब्राह्मी लेखांची भाषा प्राकृत. प्राकृताला र ची अशी जोडणी मानवत नव्हती. संस्कृतातल्या ‘धर्म’चे तेथे ‘धम्म’ होते आणि लेखांत ते ‘धम’ असे कोरले जाते. ‘कार्य’चे ‘कज्ज’ झाले आणि त्याचेच आपले ‘काज’. म्हणजे आपल्या भाषेच्या पूर्वजाने रफार जिरवून टाकला होता.

पुढे पाचव्या शतकाच्या आसपास विदर्भावर वाकाटकांचे राज्य होते. त्यांचे ताम्रपट संस्कृतात आहेत. अक्षरांच्या डोक्यावर चौकोनी पेट्या असलेली ती सुंदर लिपी वा. वि. मिराशींच्या ग्रंथांमुळे माझ्यासारख्यालाही पाहता आली. त्या लेखांत र च्या पुढचे व्यंजन दुहेरी कोरलेले आढळते, जसे ‘धर्म्म’. पाणिनीनेही असे द्वित्व विकल्पाने सांगितले आहे. रफारानंतर बोलणाऱ्याची जीभ जेथे अडत होती, तेथे कोरणाऱ्याने व्यंजन दोनदा कोरले. बंगालीत तर ही दुहेरी व्यंजने परवापरवापर्यंत छापत असत. १९३६ मध्ये कलकत्ता विद्यापीठाने शुद्धलेखनाचे नियम केले, तेव्हा ती गेली.

आता मराठीकडे या. ‘सूर्य’, ‘कार्य’, ‘आचार्य’ हे शब्द संस्कृतातून जसेच्या तसे आले आणि रफार व त्याचा जोर घेऊन आले. ‘दर्या’, ‘अर्ज’, ‘कर्ज’ फारसी-अरबीतून आले, तेही रफार घेऊनच. पण ‘भंडारा’ला विभक्ती लावली की ‘भंडाऱ्या’ होते, ‘वारा’चे ‘वाऱ्या’, ‘शेतकरी’चे ‘शेतकऱ्या’, ‘खरा’चे ‘खऱ्या’. ही जोडणी कोणाकडून उसनी घेतलेली नाही. मराठीच्या सामान्यरूपातून ती घरच्या घरी तयार झाली. ‘वऱ्हाड’, ‘बिऱ्हाड’, ‘कुऱ्हाड’, ‘गुऱ्हाळ’, ‘गाऱ्हाणे’ हे शब्दही असेच घरचे. ‘तऱ्हा’सारखा एखादा अरबी पाहुणा या घरात राहायला आला आहे, तेवढा अपवाद. एरवी ढोबळमानाने म्हणता येईल की रफार पाहुण्या शब्दांचा आणि पापणीचा र घरच्या शब्दांचा.

ग्रीकांची सहाची खूण

जोडाक्षर कशामुळे टिकते आणि कशामुळे जाते, हे समजून घेताना मला ग्रीक लिपीतल्या एका जोडाक्षराचा फार उपयोग झाला. ग्रीक अक्षरे आपल्याला गणितातल्या पाय, थीटा, सिग्मा यांच्यामुळे ओळखीची आहेत. नवव्या शतकापासून ग्रीक लेखनिक लहान वळणाची जलद लिपी लिहू लागले आणि लिहिण्याच्या ओघात अक्षरे एकमेकांत गुंतवू लागले. सिग्मा आणि टाउ जोडून जे एक अक्षर झाले, त्याला ‘स्टिग्मा’ म्हणतात.

१४९५ पासून व्हेनिसमध्ये आल्डस मनुशियसने ग्रीक पुस्तके छापायला घेतली. त्याने खिळे घडवले ते लेखनिकांच्या हस्ताक्षराबरहुकूम. पुढे १५४० च्या दशकात फ्रान्सच्या राजासाठी क्लोद गारामाँने ग्रीक खिळे कोरले, तेही एका क्रीटवासी लेखनिकाच्या अक्षरावरून. त्यात जोडाक्षरांचे शेकडो खिळे होते. दिसायला अप्रतिम, पण जुळवणाऱ्याच्या जिवावर बेतणारे. मी स्वतः केससमोर उभा राहिलेला माणूस आहे, त्यामुळे त्या पॅरिसच्या कंपोझिटरची मला दया येते. हळूहळू छापखान्यांनी ही जोडाक्षरे सोडून दिली आणि एकोणिसाव्या शतकापर्यंत ग्रीक छपाईत सुटी अक्षरे रूढ झाली. वाचणाऱ्याचे काही बिघडले नाही, कारण सिग्मा आणि टाउ जोडून लिहा की सुटे, उच्चार एकच.

मग स्टिग्मा का उरला? कारण त्याला दुसरे काम मिळाले होते. ग्रीक लोक अक्षरांनीच आकडे लिहीत. पहिले अक्षर एक, दुसरे दोन, असे. सहाच्या जागी ‘डिगामा’ नावाचे एक फार जुने अक्षर होते. बोलण्यातून ते केव्हाच गेले होते, पण सहाचा आकडा म्हणून त्याची जागा राखलेली होती. हाताने लिहिता लिहिता त्याचे वळण स्टिग्मासारखे झाले आणि स्टिग्माच सहाची खूण बनला. बाकी जोडाक्षरे संपली तरी आकड्यापुरता तो राहिला. आजच्या ग्रीसमध्ये सहासाठी बहुधा सिग्मा आणि टाउ ही दोन सुटी अक्षरेच लिहितात. शाळेच्या सहाव्या इयत्तेचे नाव तसेच लिहिले जाते. म्हणजे अक्षर सुटले तरी त्याची आठवण आकड्यात राहिली.

यातून एक गोष्ट मला स्पष्ट झाली. जे जोडाक्षर केवळ हाताच्या सोयीसाठी किंवा शोभेसाठी असते, ते यंत्र आले की सुटते. ज्याच्याकडे असे काम असते की जे सुट्या अक्षरांना करता येत नाही, ते टिकते.

खिळ्यांच्या हिशेबात

हीच कसोटी मराठीला लावून पाहू. विल्यम कॅरीचे मराठी व्याकरण १८०५ मध्ये श्रीरामपूरला छापले गेले, देवनागरी खिळ्यांनी. महाराष्ट्रात तेव्हा रोजचा व्यवहार मोडीत चाले, आणि कॅरीने १८१० चा आपला कोश मोडी खिळ्यांत छापला. पण छपाईची लिपी म्हणून पुढे बाळबोधच स्थिरावली. मुंबईत गणपत कृष्णाजींनी १८३१ मध्ये शिळाप्रेसवर पंचांग छापले. शिळाप्रेसमध्ये हात जे लिहील ते दगडावर उतरे, म्हणून कितीही गुंतागुंतीचे जोडाक्षर असले तरी त्याचा वेगळा खर्च पडत नसे. खिळ्यांची छपाई आली आणि प्रत्येक अक्षररूपाला किंमत आली. नवे रूप म्हणजे नवा पंच कोरणे, नवा साचा, केसमध्ये नवा खण.

जावजी दादाजी यांनी १८६४ मध्ये मुंबईत टाइप ओतण्याचा कारखाना काढला आणि १८६९ मध्ये निर्णयसागर छापखाना सुरू केला. त्यांचे सहकारी राणोजी रावजी आरू यांनी कोरलेल्या अक्षरांची ख्याती देशभर झाली. तेथपासून मराठी वाचकाच्या डोळ्यांना बाळबोध अक्षराचे एक वळण बसले. पण केस मोठी, खिळे शेकडो आणि जुळणीला वेळ. म्हणून खिळे कमी करण्याची धडपडही सुरू झाली. लोकमान्य टिळकांनी ‘केसरी’साठी या प्रश्नात लक्ष घातले होते. सावरकरांनी रत्नागिरीच्या वास्तव्यात लिपिशुद्धीची चळवळ चालवली आणि ‘अ’च्या बाराखडीचा पुरस्कार केला. हरी गोविल यांनी १९३० च्या दशकात अमेरिकेत लायनोटाइप यंत्रासाठी देवनागरी अक्षरे बसवली. टंकलेखन यंत्र आले तेव्हा तर जितक्या कळा तितकीच अक्षरे असा रोकडा हिशेब झाला.

या सगळ्या काटछाटीत काय गेले ते पाहा. एकावर एक बसणारी जोडाक्षरे आडवी झाली. ‘क्क’मध्ये क खाली क असे, ‘ल्ल’मध्ये ल खाली ल असे, ती आता शेजारी शेजारी बसतात. जुन्या पोथ्यांवर पोसलेल्या डोळ्यांना वाईट वाटले असेल, पण शब्दाचा उच्चार बदलला नाही. अर्थही बदलला नाही. म्हणून ती रूपे बिनबोभाट गेली. पापणीचा र मात्र प्रत्येक टप्प्यावर राहिला. त्याच्यासाठी मराठी खिळ्यांच्या केसमध्ये खण ठेवावाच लागला. तो काढला असता तर ‘दऱ्या’चा ‘दर्या’ झाला असता, आणि भंडाऱ्याच्या त्या आजोबांसारखे वाचक प्रूफवर बोट ठेवायला गावोगाव बसलेले होते.

यंत्राच्या पोटात

छापखाने संगणकावर गेले आणि या गोष्टीला नवे वळण मिळाले. १९९१ मध्ये भारतीय मानक ब्यूरोने भारतीय लिप्यांसाठी ‘इस्की’ ही संकेतप्रणाली ठरवली. त्याच वर्षी जगभरच्या लिप्यांसाठी युनिकोडची पहिली आवृत्ती आली. त्यातली देवनागरीची मांडणी इस्कीच्या आधीच्या आराखड्यावर बेतलेली होती. या तक्त्यात प्रत्येक मूळ अक्षराला एक क्रमांक असतो, जोडाक्षरे मात्र हलन्ताच्या साहाय्याने घडतात. र, हलन्त आणि य असे लागोपाठ आले की यंत्र रफार देणार, ‘र्य’. मग पापणीचा र कसा मिळवायचा?

त्यासाठी एक शेजारचे अक्षर कामाला लावले गेले. तक्त्यात र च्या जवळच खाली टिंब असलेला ‘ऱ’ आहे. तो आहे तमिळ, मल्याळम अशा भाषांतला विशिष्ट र देवनागरीत दाखवण्यासाठी. इस्कीत त्याचे वर्णनच दक्षिणी लिप्यांतला कठोर र असे आहे. नियम ठरला की या ऱ ला हलन्त लावला की पापणीचा र उमटावा. मराठीतला सगळ्यांत हळुवार र यंत्राच्या पोटात कठोर र च्या नावाने राहतो आहे, याची मला गंमत वाटते. पण सोय झाली हे खरे.

अडचण पुढे आहे. युनिकोडमध्ये याच रूपासाठी आणखी एक जुनी वाटही चालू ठेवली आहे. साधा र, हलन्त आणि त्यापुढे एक अदृश्य जोडखूण. पडद्यावर दोन्ही वाटांनी अगदी तेच अक्षर दिसते. डोळ्यांना फरक कळणे शक्य नाही. यंत्राच्या दृष्टीने मात्र ती दोन वेगळी अक्षरमालिका आहेत. एका वाटेने लिहिलेला ‘भंडाऱ्या’ दुसऱ्या वाटेने शोधला, तर शोधणाऱ्या प्रणालीने दोन्ही एकच मानण्याची व्यवस्था केलेली नसेल तेथे तो सापडत नाही. शिवाय मजकूर एका ठिकाणाहून दुसरीकडे नेताना ती अदृश्य खूण गळून पडली, तर उरतो नुसता रफार. वर्तमानपत्राच्या संकेतस्थळावर ‘शेतकर्यांना’ असे वाचायला मिळते, त्यामागे पुष्कळदा अज्ञान नसते, गळालेली खूण असते.

याचा चटका कसा बसतो, ते मी पाच-सहा वर्षांपूर्वी जवळून पाहिले. आमच्या ओळखीचे एक वयस्कर शेतकरी, दोन एकर धानाची शेती. आडनावात ‘ऱ्हा’. एका कामासाठी जमिनीचा उतारा हवा होता. जेथे गेले तेथल्या मुलाने संगणकावर आडनाव टाकून शोधले आणि सांगितले, “बाबाजी, तुमचं नावच नाही.” दोनदा, तीनदा शोधले. म्हातारा घाबरून माझ्याकडे आला. साठ वर्षे कसलेली जमीन, आणि यंत्र म्हणते नाव नाही. मी त्यांच्याबरोबर गेलो. आडनावाऐवजी गट क्रमांकाने शोधायला सांगितले. उतारा निघाला, नाव जागच्या जागी होते. पडद्यावरचे आडनाव आणि त्या मुलाने टाकलेले आडनाव दिसायला हुबेहूब. मी ते अक्षर एकेक पाऊल मागे खोडून पाहिले, तेव्हा कळले की नोंद एका वाटेने झाली होती आणि शोध दुसऱ्या वाटेने चालला होता.

त्या मुलाची चूक नव्हती. नोंद करणाऱ्याचीही नव्हती. दोघांनी आपापल्या कळफलकावर बरोबरच अक्षर लिहिले होते. पण तो शेतकरी परतीच्या वाटेवर एकच वाक्य पुन्हा पुन्हा म्हणत होता, “नाव नाही म्हणे.” १९८६ साली खिळा संपला तर प्रूफ पाहून चूक धरता येत होती. आजची चूक दिसतच नाही, म्हणून तिच्यावर बोट ठेवायला कोणते आजोबा येणार?

काय करता येईल

अक्षरांच्या वळणाबद्दल आपण बेफिकीर आहोत असे नाही. ६ नोव्हेंबर २००९ रोजी राज्य शासनाने मराठी वर्णमालेविषयी निर्णय काढला आणि ल व श यांची मराठी वळणे कायम केली. ते योग्यच झाले. पण ल हिंदी वळणाने लिहिला तरी ‘लग्न’ हे ‘लग्न’च राहते. पापणीचा र बदलला तर शब्द बदलतो, आणि तो अदृश्यपणे बदलला तर माणूस नोंदीतून हरवतो. त्यामुळे या एका अक्षराकडे अधिक लक्ष द्यायला हवे.

उपाय फार अवघड नाहीत. लिहिणाऱ्याने एकच वाट धरावी. इन्स्क्रिप्ट कळफलकावर शिफ्टसह जे दाबले की ऱ मिळतो, मग डी ने हलन्त, मग य किंवा ह. अदृश्य खुणेची वाट सोडून द्यावी. शोधप्रणाली तयार करणाऱ्यांनी दोन्ही वाटांनी आलेले अक्षर एकच धरावे. ही दुरुस्ती एकदा केली की कायमची होते. आणि शाळेत र ची चार रूपे शिकवताना चौथ्यावर थोडे थांबावे. मुलांना ‘आचार्य’ आणि ‘आचारी’ यांची गंमत सांगितली की ती विसरत नाहीत, हा माझा शेजारपाजारच्या मुलांवरचा अनुभव आहे.

३ ऑक्टोबर २०२४ रोजी केंद्र सरकारने मराठीला अभिजात भाषेचा दर्जा दिला. त्या निमित्ताने आपण शिलालेखांची आणि प्राचीन ग्रंथांची खूप चर्चा केली. करावीच. पण भाषेचे जुनेपण एका बारीक रेघेतही असते. प्राकृताने जिरवलेला र पुन्हा आपल्या पद्धतीने जोडून घेताना मराठीने ही रेघ ठेवली.

आमच्या भागात मृग लागला की धानाचे पऱ्हे टाकतात. ते वीतभर वाढले की उपटून चिखलात रोवणी होते. ‘पऱ्हे’ हा शब्द इथल्या प्रत्येक घरात आहे, आणि त्यात तेच अक्षर आहे. यंदा जूनमध्ये त्या शेतकऱ्यांच्या बांधीवर गेलो होतो. त्यांचा नातू मोबाइलवर घरच्यांना निरोप लिहीत होता. मी डोकावून पाहिले. त्याने लिहिले होते, ‘पऱ्हे टाकून झाले’. अक्षर बरोबर उमटले होते. कोणत्या वाटेने आले, ते मी त्याला विचारले नाही.